मोटारीचा श्वास : घरच्या घरी तपासणी व सफाई

(मंडळाच्या मासिक सभेत केलेले भाषण)



आपल्या मंडळात आजवर लोणची-मुरंब्यांपासून बालसंगोपनापर्यंत आणि शिवणकामापासून बँकेच्या व्यवहारापर्यंत अनेक विषयांवर भाषणे झाली. मोटारीच्या एका लहानशा भागावर भाषण मात्र हे पहिलेच असावे. विषय जाहीर झाला तेव्हा दोघी-तिघी हसून म्हणाल्या, "अहो, हे पुरुषांचे काम!" आज सभागृहात शिरण्यापूर्वी मी बाहेर उभ्या असलेल्या मोटारी मोजल्या. सात होत्या, आणि त्यांतल्या पाच तुम्हीच चालवत आणल्या आहेत. तेव्हा जी वस्तू आपण रोज चालवतो तिच्याविषयी दोन शब्द ऐकून घ्यायला हरकत नसावी.

शिवाय यंत्रावर चालणारी वाहने आपल्या जिल्ह्याला काही परकी नाहीत. लष्कराच्या वाहनांवर संशोधन करणारी संस्था आपल्या वाहननगरला आहे. १९९४ साली सुरू झालेले रणगाड्यांचे संग्रहालय पाहण्यासाठी पाहुण्यांना घेऊन आपण सगळ्याच केव्हा ना केव्हा गेलो आहोत. आणि १९७२ साली निघालेली, आपल्या नगरच्या कारखान्यात तयार होणारी लुना तर आपल्यापैकी कितीतरी जणींचे पहिले वाहन! लुनाचा प्लग काढून, पुसून, पुन्हा बसवणाऱ्या बायका मी या नगरातच पाहिल्या आहेत. (२०२४ साली जिल्ह्याचे नाव अहिल्यानगर झाले, तरी जिभेवर अजून 'नगर' येते, ते आपण चालवून घ्यावे.)

जगातला मोटारीचा पहिला लांबचा प्रवास एका बाईने केला, हेही आज सांगून टाकते. १८८८ च्या ऑगस्टमध्ये जर्मनीत बर्था बेंझ नावाची गृहिणी, नवऱ्याने बनवलेली तीन चाकांची मोटार त्याला न सांगता बाहेर काढून, दोन मुलांना बरोबर घेऊन मानहाइम गावाहून शंभर किलोमीटरवरच्या आपल्या माहेरी फोर्झहाइमला गेली. वाटेत इंधनाची नळी तुंबली तेव्हा तिने टोपीची पिन घालून ती मोकळी केली. एक तार उघडी पडली तिला पायमोज्याच्या पट्ट्याने आवरण केले. रोधकाचे लाकूड झिजले तेव्हा चांभाराकडून त्यावर चामडे ठोकून घेतले. या तिन्ही वेळी तिने आधी काय बिघडले आहे ते पाहिले आणि मग त्याच्यापुरताच उपाय केला. आज मला जे सांगावयाचे आहे ते नेमके एवढेच आहे.

आता मुद्द्यावर येते.

पेट्रोल नुसते जळत नाही, त्याला हवा लागते. शुद्ध पेट्रोलचा एक भाग नीट जळायला वजनाने सुमारे पावणेपंधरा भाग हवा लागते. एक लिटर पेट्रोलमागे हा हिशोब नऊ-दहा हजार लिटर हवेवर जातो. दहा फूट लांब, दहा फूट रुंद आणि दहा फूट उंच अशी खोली डोळ्यांपुढे आणा. तिच्यातली एक तृतीयांश हवा एका लिटरला लागते. मोटार श्वास घेते असे मी म्हणते ते या अर्थाने. हा श्वास कमीजास्त करणारी जी झडप असते तिचे नाव थ्रॉटल. एका नळकांड्यात वाटोळी चकती मधोमध आसावर बसवलेली असते. ती आडवी फिरली की वाट बंद, उभी फिरली की वाट मोकळी. हे नळकांडे, चकती आणि तिला जोडलेली यंत्रणा मिळून जो भाग होतो त्याला गॅरेजमध्ये 'थ्रॉटल बॉडी' म्हणतात.

लुनाची मूठ पिळली की एक तार ओढली जाई आणि कार्बुरेटरची वाट उघडे. हात आणि यंत्र यांच्यामध्ये फक्त ती तार होती. जुन्या मोटारींतही पायाखालच्या पॅडलपासून झडपेपर्यंत अशीच तार असे. १९८०च्या दशकाच्या अखेरीस जर्मनीतल्या बीएमडब्ल्यू कंपनीने आपल्या सातव्या मालिकेच्या मोटारींत ही तार काढून तिच्या जागी विजेची व्यवस्था आणली आणि पुढे ती सर्वत्र पसरली. आज आपल्याकडच्या बहुतेक नव्या पेट्रोल मोटारींत अशी तार नाही. आपण पॅडल दाबतो तेव्हा ते किती दाबले गेले हे दोन संवेदक मोजतात आणि मोटारीतल्या छोट्या संगणकाला कळवतात. संगणक विचार करतो : इंजिन गार आहे की गरम, वातानुकूलन चालू आहे की बंद, चाके घसरत आहेत की काय. मग तो झडपेजवळच्या लहानशा विद्युत मोटरला हुकूम देतो आणि दातेरी चाकांमार्फत चकती फिरते. ती खरोखर किती फिरली हे सांगायला तेथेही दोन संवेदक बसवलेले असतात. दोन कशासाठी? एकाने खोटे सांगितले तर दुसऱ्यावरून ते कळावे म्हणून. दोघांचे जुळले नाही तर संगणक सावध होतो, इंजिनाचा दिवा लावतो आणि झडपेवरचा ताबा सोडतो. स्प्रिंगमुळे चकती थोडी उघडी राहते, म्हणजे गाडी लंगडत का होईना रस्त्याच्या कडेला किंवा घरापर्यंत येईल. या अवस्थेला बिघाड समजून घाबरू नये. ती अपघात टाळण्यासाठी केलेली सोय आहे.

आता या झडपेवर घाण येते कोठून? हवा तर फिल्टरमधून गाळून येते. पण इंजिनातले थोडे जळके वायू आणि तेलाची वाफ दट्ट्याच्या कडेने खाली निसटतात. पूर्वी ती बाहेर सोडून देत. त्याने हवा दूषित होते म्हणून आता एका नळीतून ती पुन्हा श्वासाच्या वाटेत आणून जाळतात. ही तेलकट वाफ थंड चकतीवर आणि तिच्या कडेला बसते आणि तिच्यावर बारीक धूळ चिकटते. स्वयंपाकघरातल्या धूर बाहेर टाकणाऱ्या पंख्याच्या पात्यावर जो मेणचट काळा थर साचतो, अगदी तसाच हा थर. मुलांना शाळेत सोडणे, भाजी आणणे अशा चार-दोन किलोमीटरच्या फेऱ्यांत इंजिन पुरते तापत नाही आणि थर लवकर धरतो. त्यातून आपल्याकडचा कोरडा उन्हाळा, रस्त्यांची कामे आणि गळीत हंगामातली धूळ! हवेचा फिल्टर वेळेवर बदलला नाही तर मग विचारायलाच नको.

तुम्ही म्हणाल, एवढ्याशा काजळीने काय होते? गाडी वेगात असते तेव्हा काहीच होत नाही, कारण वाट मोठी उघडी असते. पण गाडी जागेवर उभी राहून इंजिन नुसते गुरगुरत असते, ज्याला मिस्त्री 'आयडलिंग' किंवा 'स्लो' म्हणतात, तेव्हा चकती अगदी किंचित उघडी असते आणि हवेला एक बारीक फट उरते. त्या फटीत काजळीचा कागदाएवढा थरही फार होतो. संगणक काही दिवस सांभाळून घेतो, चकती थोडी अधिक उघडतो. त्याची मर्यादा संपली की मग लक्षणे दिसू लागतात.

ती लक्षणे अशी. सिग्नलला उभे असताना काटा खाली-वर नाचतो. सामान्यतः तापलेल्या इंजिनाचे फेरे मिनिटाला सातशे-आठशेच्या आसपास स्थिर असतात. ते पाचशेला येतात आणि पुन्हा हजाराला जातात. गतिरोधकाजवळ पाय उचलला की इंजिन बंद पडते. वातानुकूलन लावताच गाडी दबते. पॅडलचा पहिला दाब अडखळतो आणि मग गाडी एकदम उडी घेते. यांतली दोन-तीन लक्षणे एकत्र दिसली तर झडपेचा संशय घ्यावा. पण संशयच घ्यावा. निवाडा इतक्यात देऊ नये.

या ठिकाणी आमच्या घरची एक हकिकत सांगते. माझ्या धाकट्या जाऊबाई राहुरीला राहतात. आमच्या मामंजींचे डायलिसिस आठवड्यातून दोनदा नगरला असते आणि त्यांना आणण्या-नेण्याचे काम गेली दोन वर्षे त्याच करतात. माझे दीर नोकरीमुळे आठवडाभर बाहेर असतात. परवाच्या नव्हे, त्याच्या आधीच्या हिवाळ्यात गाडी गतिरोधकावर बंद पडू लागली. मनमाड रस्त्यावर मागून उसाने भरलेल्या ट्रॉल्या येत असतात. शेजारी डायलिसिस करून थकलेले ऐंशी वर्षांचे मामंजी बसलेले असतात. अशा वेळी इंजिन बंद पडले की काय वाटते, हे ज्या गाडी चालवतात त्यांना सांगायला नको. एका गॅरेजमध्ये बॉनेट उघडून पाच मिनिटांत निदान झाले : "संपूर्ण थ्रॉटल बॉडी बदला, बावीस हजार." कारण विचारले तर उत्तर मिळाले, "बाई, ते इलेक्ट्रॉनिक आहे, तुम्हाला कळायचे नाही." घरी दीर म्हणाले, आता तू चालवू नकोस, ड्रायव्हर ठेवू. दिरांच्या बोलण्यात काळजीच होती. पण मामंजी म्हणाले, "सूनबाई चालवते तेव्हा मला वाटेत डोळा लागतो. परक्याच्या गाडीत मी जागाच राहीन." जाऊबाईंनी मला फोन केला, "ताई, तुम्ही इतकी वर्षे विज्ञान शिकवलेत. बावीस हजार देण्यापूर्वी एकदा येऊन बघता का?"

आम्ही दोघींनी जे केले ते ओळीने सांगते, कारण हीच ओळ कोणालाही उपयोगी पडेल.

पहिली पायरी, मागचे आठवणे. बिघाड केव्हा सुरू झाला आणि त्याच्या आधी काय घडले? आठवणीत निघाले की आठ दिवसांपूर्वी बॅटरी बदलली होती. हा मोठाच धागा होता. बॅटरी काढली की कित्येक गाड्यांचा संगणक, काजळी सांभाळून घेण्यासाठी शिकलेले प्रमाण विसरतो. घाण आधीपासून असते. ती त्या दिवसापासून जाणवू लागते.

दुसरी पायरी, बॅटरी आणि तिची टोके. टोकांवर पांढरी-हिरवी बुरशी आली आहे का, क्लिपा हलतात का, हे पाहिले. साधा मीटर असेल तर इंजिन बंद असताना सुमारे साडेबारा व्होल्ट आणि चालू असताना बहुधा साडेतेरा ते साडेचौदा दिसावेत. वीज अपुरी असेल तर ही विद्युत झडप नीट काम कशी करणार?

तिसरी पायरी, हवेचा फिल्टर. डब्याच्या क्लिपा काढून फिल्टर उजेडाकडे धरावा. आमचा फिल्टर धुळीने इतका भरला होता की उजेड दिसेना.

चौथी पायरी, रबरी नळ्या. एखादी नळी फाटली किंवा निसटली असेल तर चोरवाटेने हवा आत शिरते आणि फेरे वाढतात. इंजिन चालू असताना 'स्स्' असा आवाज येतो का ते दुरून ऐकावे. येथे एक ताकीद : चालू इंजिनावर वाकताना पदर खोचलेला, वेणी मागे बांधलेली आणि ओढणी काढून ठेवलेली असावी. गार करणारा पंखा इंजिन बंद असतानाही आपोआप फिरू लागतो.

पाचवी पायरी, संगणकालाच विचारणे. गेल्या दहा-बारा वर्षांत आलेल्या बहुतेक मोटारींत चालकाच्या गुडघ्याजवळ, डॅशबोर्डखाली सोळा छिद्रांची एक खाच असते. तीत बसणारे छोटे यंत्र काही शे रुपयांपासून मिळते आणि भ्रमणध्वनीवर बिघाडाचा क्रमांक दाखवते. पी ०५०६ म्हणजे जागेवरचे फेरे अपेक्षेपेक्षा कमी आणि पी ०५०७ म्हणजे जास्त. पी २१११ किंवा पी २११२ म्हणजे झडप उघडी किंवा बंद स्थितीत अडकली. पी २१३५ म्हणजे दोन संवेदकांचे एकमेकांशी जुळत नाही. क्रमांक वहीत लिहून ठेवावा. तो पुसण्याची घाई करू नये, कारण पुढे मिस्त्रीकडे जावे लागले तर तोच पुरावा असतो. आमच्या यंत्रावर पी ०५०६ आला.

सहावी पायरी, प्रत्यक्ष पाहणे. इंजिन पूर्ण गार झाल्यावर फिल्टरच्या डब्याकडून येणाऱ्या जाड रबरी नळीची क्लिप पेचकसाने सैल केली, नळी बाजूला केली आणि विजेरीचा झोत टाकला. चकतीच्या कडेला काळे कडे जमले होते. तेव्हा आम्ही संशयाचे रूपांतर निदानात केले.

आता सफाई. गाडी हमीच्या मुदतीत असेल तर स्वतः हात लावू नका. नारिंगी रंगाच्या जाड तारा असलेली संकरित गाडी असेल तर तिला घरी मुळीच उघडू नका. त्या तारांत प्राणघातक वीज असते. डिझेल गाडीतल्या झडपेचे काम निराळे असते, तिला हे वर्णन जसेच्या तसे लागू नाही. आणि जिच्याकडे विजेवर चालणारी मोटार आहे तिने निर्धास्त बसावे. तिच्या गाडीत ही झडपच नसते.

बाकीच्यांनी गाडी सपाट जागी, मोकळ्या हवेत उभी करावी. किल्ली काढून घरात लांब ठेवावी. किल्ली जवळ असली आणि कोणी बटण दाबले तर चकती एकदम जोरात फिरते आणि बोट कापू शकते. हातातल्या धातूच्या बांगड्या आणि अंगठ्या उतरवून ठेवाव्यात. बॅटरीच्या दोन टोकांमध्ये बांगडी आली तर ती क्षणात लाल होते. मग बॅटरीची ऋण बाजूची क्लिप सोडवावी आणि थोडा वेळ थांबावे.

साफ करण्यासाठी थ्रॉटल बॉडीचा म्हणून मिळणारा फवाराच घ्यावा; डबा काही शे रुपयांना येतो. कार्बुरेटरचा फवारा, पेट्रोल, रॉकेल यांपैकी काही वापरू नये. काही झडपांवर कारखान्यातच एक बारीक लेप दिलेला असतो, तो अशा द्रव्यांनी निघतो. रबराच्या कड्याही खराब होतात. आणि फवारा ज्वालाग्राही असतो हे विसरू नये. जवळ शेगडी, उदबत्ती, तुळशीपुढचे निरांजन, काही नको. हातमोजे घालावेत, नाकावर फडके बांधावे आणि मुलांना लांब ठेवावे.

फवारा थेट आत मारू नये, कारण द्रव वाहून मोटर आणि संवेदकांच्या बाजूला जातो. तंतू न सुटणाऱ्या मऊ फडक्यावर फवारा घेऊन चकतीचा पुढचा भाग आणि नळकांड्याची आतली कड पुसावी. चिकट जागी जुना मऊ टूथब्रश हलकेच फिरवावा. खरवडणे नको, तव्यावरची खरपुडी आणि ही काजळी यांत फरक आहे. भिंगारच्या बाजूला एक वयस्क मिस्त्री आहेत. आम्ही फवारा आणायला गेलो तेव्हा त्यांनी आपण होऊन बजावले, "ताई, पाते बोटाने ढकलू नका. आत प्लास्टिकची दातेरी चाके असतात, दाता तुटला तर मग खरोखरच बॉडी बदलावी लागेल." गाडीच्या पुस्तिकेत हाताने उघडण्यास परवानगी असेल तरच, बॅटरी सोडलेली असताना, अगदी हलक्या हाताने ते करावे. तसे लिहिलेले नसेल तर पुढची बाजू आणि कड एवढेच पुसून थांबावे आणि आतली बाजू मिस्त्रीवर सोपवावी. काही गाड्यांत या भागातून गरम पाण्याच्या नळ्या गेलेल्या असतात, म्हणून संपूर्ण भाग उतरवण्याच्या भानगडीत घरी पडू नये.

फडके काळे येईनासे झाले की पाव तास वाळू द्यावे, नवा फिल्टर घालावा, नळी नीट बसवून क्लिप आवळावी आणि मग बॅटरी जोडावी. नळी थोडी जरी तिरपी बसली तर चोरवाटेने हवा जाईल आणि नवेच दुखणे सुरू होईल.

येथे पुष्कळ लोक घाबरतात, म्हणून पुढचे लक्षात ठेवा. सफाईनंतर पहिल्यांदा इंजिन सुरू केले तेव्हा आमचे फेरे तेराशेवर गेले. जाऊबाईंचा चेहरा उतरला. पण यात नवल नाही. संगणक अजून अरुंद वाटेच्या हिशोबाने चकती जास्त उघडत होता आणि वाट तर आता मोकळी झाली होती. त्याला नवे प्रमाण शिकायला वेळ द्यावा लागतो. पुष्कळ गाड्यांत दिवे, वातानुकूलन वगैरे सर्व बंद ठेवून, पॅडलला पाय न लावता किल्ली काही वेळ 'चालू' स्थितीत ठेवतात. मग इंजिन सुरू करून ते पुरते तापेपर्यंत जागेवरच चालू देतात. प्रत्येक गाडीची रीत निराळी असते. ती पुस्तिकेत पाहावी. काहींना गॅरेजमधल्या यंत्रावरूनच ते शिकवावे लागते. हे करताना गाडी बंद गॅरेजमध्ये ठेवू नये. धुरातल्या विषारी वायूला वास नसतो. आमची गाडी दहा-बारा मिनिटांत साडेसातशेवर येऊन स्थिरावली. मग वातानुकूलन लावून पाहिले आणि रिकाम्या रस्त्यावर दोनदा गतिरोधकावर थांबून पाहिले. मामंजींना बसवले ते त्यानंतरच. त्याला आता चौदा महिने झाले. गाडी एकदाही वाटेत बंद पडलेली नाही, आणि मामंजींना पूर्वीसारखाच डोळा लागतो.

एवढे ऐकून कोणी उद्याच फवारा आणायला निघेल, म्हणून दुसरी हकिकतही सांगते. आमच्या गल्लीतल्या एका भगिनीच्या मोटारीचा इंजिनाचा दिवा लागला. पॅडल दाबले तरी गाडी बैलगाडीच्या वेगाने चालेना. तिने माझ्याकडे फवारा मागितला. मी म्हटले, आधी क्रमांक पाहू. क्रमांक आला पी २१३५, म्हणजे दोन संवेदकांचे भांडण. बॉनेट उघडून पाहिले तर जोडणीजवळच्या तारा उंदरांनी कुरतडल्या होत्या. तेथे फवाऱ्याचे सबंध चार डबे संपवले असते तरी काही झाले नसते. तारांची दुरुस्ती मिस्त्रीकडून करून घेतली आणि गाडी सुधारली. तेव्हा सफाई हे काजळीवरचे औषध आहे. तुटलेली तार, झिजलेला संवेदक किंवा मोडलेले दातेरी चाक यांवर तिचा उपयोग नाही. त्याचप्रमाणे गाडी वेगात असतानाही धक्के खात असेल तर प्लग, कॉइल किंवा पेट्रोलचा पुरवठा यांकडे पाहावे. आणि इंजिनाचा दिवा उघडमीट करू लागला तर गाडी बाजूला घेऊन थांबावे, पुढे रेटू नये.

काही जणी म्हणतील, आम्हाला हात काळे करायचे नाहीत. हरकत नाही, सगळ्यांनीच ते करावे असा माझा आग्रह नाही. पण गॅरेजमध्ये गेल्यावर चार प्रश्न प्रत्येकीने विचारावेत. बिघाडाचा क्रमांक काय आला? झडप मला दाखवता का? आधी साफ करून, प्रमाण पुन्हा शिकवून पाहिलेत का? आणि भाग बदललाच तर जुना भाग मला परत द्याल का? प्रामाणिक मिस्त्रीला या प्रश्नांचा राग येत नाही. भिंगारच्या त्या मिस्त्रींनी तर आम्हाला स्टूल देऊन बसवले आणि शेजारी उघडून ठेवलेल्या इंजिनातली झडप दाखवली. भाग खरोखर गेलेला असेल तर तो बदलावाच लागतो आणि त्याचे पैसे द्यावेच लागतात. तेथे काटकसर करू नये. हा भाग बंद पडला तर भर रस्त्यात पडतो.

मंडळाच्या कार्यकारिणीपुढे मी एक सूचना ठेवते. बिघाडाचा क्रमांक वाचणारे एक यंत्र मंडळाने विकत घेऊन कपाटात ठेवावे आणि शिवणयंत्राप्रमाणेच नोंदवहीत सही करून सभासदांना दोन दिवसांसाठी द्यावे. त्याच वहीत प्रत्येकीने आपल्या गाडीची लक्षणे, आलेला क्रमांक, निघालेले कारण आणि झालेला खर्च लिहावा. वर्षभरात आपल्यापाशी अशा पंचवीस-तीस नोंदी जमल्या, तर पुढच्या वेळी कोणा भगिनीला "तुम्हाला कळायचे नाही" असे ऐकावे लागले तर तिच्या हातात उत्तर असेल. यंत्र वापरायचे कसे हे शिकवायला मी येत्या रविवारी चार वाजता मंडळाच्या अंगणात येईन. ज्यांना यायचे असेल त्यांनी गाडीची पुस्तिका आणि एक जुने मऊ फडके बरोबर आणावे, आणि बांगड्या काचेच्याच घालाव्यात.